कानातले भुवईकाका

काही माणसांचं पोट हातावर असतं, भुवईकाकांचं भुवईवर होतं. त्यातही डाव्या. उजवी आपली जोडीला.

रोज संध्याकाळी लागणाऱ्या आणि संपायचं नाव न घेणाऱ्या एका कौटुंबिक मालिकेत ते घरातले थोरले काका व्हायचे. या काकांना लेखकाने बोलायला फारसं कधी दिलंच नाही. घरात कुणी खोटं बोललं, कुणाच्या पिशवीतून भलतीच वस्तू निघाली, की कॅमेरा काकांच्या तोंडासमोर यायचा, मागे "ढॅण्" असा आवाज व्हायचा आणि काकांची डावी भुवई सावकाश कपाळावर चढायची. संपला भाग. प्रेक्षक उद्यापर्यंत तळमळायला मोकळे. रस्त्यात लोक अडवून म्हणायचे, "काका, एकदा वर करा ना, पोराला दाखवायचंय." काका करायचे, पोरगं भोकाड पसरायचं आणि आईबाप खूश होऊन जायचे.

मग एका सकाळी चूळ भरताना पाणी तोंडाच्या डाव्या कोपऱ्यातून आपलं आपण बाहेर आलं. आरशात बघतात तर अर्धा चेहरा संपावर गेलेला. डॉक्टर म्हणाले, चेहऱ्याच्या शिरेला सूज आहे, घाबरू नका, येईल पूर्ववत. आणि खरोखरच आलं. आधी ओठ आला, मग गाल आला, पापणी मिटायला लागली. भुवई तेवढी आली नाही. शेवटच्या तपासणीला डॉक्टर म्हणाले, "जेवता येतंय, बोलता येतंय, डोळा मिटतोय. एका भुवईचं काय एवढं घेऊन बसलात?"

त्यांना काय सांगणार, कपाळ? डॉक्टर टीव्हीच बघत नव्हते.

मालिकेत तोवर काकांना धंद्याच्या कामासाठी परदेशी धाडलं होतं. मालिकांमध्ये परदेश ही मोठी सोयीची जागा असते. आजारी नट, रुसलेला नट, लग्न करून मोकळी झालेली नटी, सगळे तिथेच राहतात. काका तिकडे धंदा वाढवत होते आणि भुवईकाका इकडे न्हाणीघरातल्या आरशापुढे उभे राहून बोटाने भुवई वर ढकलत होते. बोट असेपर्यंत राहायची. बोट काढलं, की जत्थ्यातून मागे राहिलेल्या म्हातारीसारखी मुकाट्याने खाली बसायची.

अशात एक दिवस दिग्दर्शकांचा फोन आला. या गृहस्थांना सगळे चलाचला म्हणत, कारण ते एरवी दुसरं काही म्हणत नसत. "काका, आपल्या दाणेवाल्या बाई लेकीकडे चालल्यात, कायमच्या. तुम्ही बसता का खोलीत? भुवई येईपर्यंत म्हणा. बघू महिनाभर. चला."

दाणा म्हणजे काय, ते सांगायला हवं. रोज एक भाग संपवायचा तर संवाद पाठ करायला वेळ कुणाला आहे? कागदच सकाळी छापून गरमागरम येतात. म्हणून प्रत्येक नटाच्या कानात एक एवढंसं, कातडीच्या रंगाचं यंत्र बसवलेलं असतं. त्याला म्हणायचं दाणा. सेटच्या मागे एका बंद खोलीत एक माणूस पडद्यावर सगळं बघत बसलेला असतो. तो बटण दाबून पुढचं वाक्य सांगतो, ते सगळ्यांच्या कानात एकदम जातं आणि ज्याचं असेल तो ते बोलतो. नुसतं वाक्यच नाही. "धाकटी, ऊठ. खिडकीशी जा. रुमाल." असं उठवणं-बसवणंही त्यातच आलं. अख्खं कुटुंब एका माणसाच्या तोंडाने चालायचं आणि त्या माणसाचं तोंड मात्र कुणाला दिसायचं नाही.

भुवईकाकांनी हो म्हटलं. ते "बघू" मात्र त्यांच्या घशात अडकलं. चलाचलांचं "बघू" त्यांना चांगलं ठाऊक होतं. मालिकेतल्या आजोबांना "तब्येत बरी होऊ दे, बघू" म्हणाले होते; ते आजोबा त्यानंतर भिंतीवरच्या फोटोतच दिसले. भुवईकाका घरी येऊन बायकोला म्हणाले, "समोरून तर हटलोच आहे. आता मागची खोलीही गेली, तर मी नक्की कुठे उभा राहू?"

"आधी बस तरी," बायको म्हणाली. "खोलीत बसायचंच काम आहे ना?"

इथे घरातल्या हाकांचा एक घोळ सांगून टाकतो. घरची बायको त्यांना "अरे" म्हणायची, कारण कॉलेजात एका बाकावर बसून ती त्यांच्या डब्यातलं खायची, तेव्हापासूनची ती सवय. पडद्यावरची बायको मात्र इतकी वर्षं "अहो" म्हणत आलेली. मालिकेतल्या त्या थोरल्या सूनबाई. त्यांना स्टुडिओत सगळे थोरल्या म्हणत. त्या कॅमेरा बंद झाल्यावरही "अहो, पंखा लावा जरा," असंच म्हणायच्या. बायको थट्टेने म्हणायची, "मान हवा असला की तिकडे जातोस."

खोली पूर्वी रंगाचे डबे ठेवायची होती. अजून तो वास होता. एक खुर्ची, दोन पडदे, एक मायक्रोफोन, एक लाल बटण आणि एक पंखा. पंखा चित्रीकरण चालू असताना बंद ठेवायचा, नाहीतर घरातल्या सगळ्यांच्या कानात वादळ सुटायचं. प्लायवूडच्या भिंतीपलीकडे तो सेट, म्हणजे ज्या घरात भुवईकाकांनी आयुष्याचा बराच भाग काढला ते घर. त्याचा जिना वर चढून सरळ दिव्यांच्या तारांपाशी जायचा, जेवणाच्या टेबलावरची सफरचंदं प्लास्टिकची होती, आणि तरीही काकांना त्या घरातली कुठली खुर्ची करकरते हे स्वतःच्या घराहून जास्त पाठ होतं.

पहिल्याच दिवशी त्यांना शिंक आली. बटण दाबलेलंच होतं. धाकटी सून नवऱ्याला म्हणत होती, "तुमचा माझ्यावर विश्वास नाही." त्याच क्षणी ती, नवरा, सासूबाई आणि चौकशीला आलेला इन्स्पेक्टर असे चौघेही खाडकन दचकले. भुवईकाकांनी बटणावरचं बोट झटकन उचललं. संपलं, म्हणाले, पहिल्याच दिवशी नारळ हातात. पण चलाचलांना ते दचकणं आवडलं. त्यांनी मागे "ढॅण्" टाकून ते तसंच ठेवलं.

दोनचार दिवसांत हात बसला. एक जण बोलत असताना दुसऱ्याचं वाक्य द्यायचं, फार लवकर नाही, फार उशिरा नाही. लवकर दिलं तर नट अडखळतो, उशिरा दिलं तर तो माशासारखं तोंड उघडून उभा राहतो. भुवईकाकांचे तळहात घामाने चिकट व्हायचे. पण मधूनमधून त्यांना एक विलक्षण मजा वाटायची. ज्या माणसाला आयुष्यभर लेखकाने बोलू दिलं नाही, तो आता सुनेचं बोलत होता, सासूचं बोलत होता, वकिलाचं, गुंडाचं, नर्सचं बोलत होता. आणि बोलायला मिळाल्यावर ते काय कोरडं बोलतात? सुनेचं वाक्य असलं की त्यांचा गळा दाटायचा. गुंडाचं असलं की खुर्चीचा हात आवळायचे. सासूबाईंचा टोमणा असा काही सोडायचे, की ध्वनी बघणारी बाई पलीकडून हसायची. "काका, आज रंगात आहात हं!"

मनातल्या मनात ते म्हणत, बघा, आता कोण म्हणेल 'बघू'?

यातली गडबड सगळ्यात आधी त्यांच्या आईच्या लक्षात आली. आई मालिका एकही दिवस चुकवायची नाही. मुलगा परदेशातून केव्हा परत येणार यावर तिचं लक्ष होतं. तो रोज तिच्याच घरात जेवतो, ही गोष्ट तिच्या लेखी वेगळी. एका संध्याकाळी भुवईकाका बूट काढत होते, तेवढ्यात ती टीव्हीसमोरून म्हणाली, "आज आलास की रे तू."

"मी? मी नाहीये त्यात, आई. मी मागे असतो आता."

"मागे का असेना. ती धाकटी आत्ता 'बरं' म्हणाली बघ. ते 'बरं' तुझं आहे. लहानपणी दूध पी म्हटलं, की असंच म्हणायचास. मेल्यासारखं."

बायको स्वयंपाकघरातून हसली. भुवईकाकांना मात्र आधी अंगभर गोड वाटलं. म्हणजे गेलो नाही तर आपण! आहोत, आतून आहोत! ते बूट हातात घेऊन तसेच टीव्हीसमोर बसले. सासूबाई बोलल्या, त्यात आपण. वकील बोलला, त्यात आपण. इन्स्पेक्टर म्हणाला, "कायदा कुणाला सोडत नाही," आणि म्हणताना त्याची डावी भुवई सावकाश वर गेली.

गोड वाटणं जागच्या जागी आटलं.

मग सासूबाईंची गेली. मग धाकटीची. नर्स नुसती इंजेक्शन घेऊन आली, तर तिचीही. अख्खं कुटुंब, दवाखाना आणि पोलीस चौकी एकमेकांकडे डावी भुवई वर करून बघत होती. त्याचं कारण उघड होतं. तो सूर कानात शिरला, की चेहरा आपोआप त्या वाटेनं जातो. आवाजात भुवई होती. काकांच्या कपाळावर नव्हती, पण आवाजात होती.

"आई," ते हळू आवाजात म्हणाले, "तुला कळलं, म्हणजे चलाचलांनाही कळणार."

"कळू दे की. छान दिसतंय."

त्या दिवशी त्यांना घास गेला नाही. पुढचे दोन दिवस ते चोरासारखे खोलीत जाऊन बसले. ठरवून साधं बोलायला जायचे आणि वाक्य आलं की जिभेचा ताबा सुटायचा. तिसऱ्या दिवशी चलाचलांनी संकलनाच्या खोलीत बोलावलं. ते पहिल्यांदाच खुर्चीवर बसलेले होते, त्यावरूनच काकांनी ओळखलं.

"हे बघा," चलाचला म्हणाले आणि पडद्यावर एकामागून एक चेहरे थांबवत गेले. "ही. हा. ही पण. हा तर पाहुणा आहे, एका दिवसासाठी आलाय, ह्याची पण! काका, मला वरून विचारलं, की घरातल्या सगळ्यांना एकदम झालंय काय? मी म्हटलं, आनुवंशिक असेल. तर म्हणतात, पोस्टमनलाही?"

भुवईकाका पाहुण्याच्या थांबलेल्या भुवईकडे बघत राहिले.

"तुम्ही तिथे अभिनय करताय. करायचा नाही. वाक्य द्यायचं, बाजूला व्हायचं. ती बाई स्टेशनवर गाड्यांची घोषणा करते ना, तशी द्या. उद्याचा दिवस बघतो. उद्या पुन्हा सगळे तुमच्यासारखे बोलले, तर काका, मला दुसरं कुणी बघावं लागेल. वाईट वाटून घेऊ नका. चला."

घरी येऊन त्यांनी बायकोला सांगितलं आणि भिंतीकडे तोंड करून बसले. बायको दातांच्या दवाखान्यात नोंदणीच्या टेबलावर काम करायची. तिनं हात पुसले आणि समोर येऊन बसली. "एवढंच ना? कोरडं बोलायचं? अरे, मी दिवसभर तेच करते. 'बसा, डॉक्टर येतील एवढ्यात.' 'दुखणार नाही.' 'पुढचे कोण?' ह्यात काही भाव असतो का? भाव घातला तर लोक पळून जातील. वाच."

"काय वाचू?"

तिनं कपाटातून कपडे धुण्याच्या यंत्राचं माहितीपत्रक काढलं. "हे. ह्यात रडण्यासारखं काही नाही."

भुवईकाकांनी घसा साफ केला. "यंत्र सुरू करण्यापूर्वी झाकण बंद असल्याची खात्री करावी." थांबले. "झाकण बंद नसल्यास… यंत्र सुरू होणार नाही."

बायको टक लावून बघत राहिली. "अरे, झाकणाचं काय झालं एवढं? कोण गेलं त्याच्या घरचं?"

"परत वाचतो."

"'सुरू होणार नाही' म्हणताना तू असा थांबलास, की मला त्या यंत्राची दया आली. थांबू नकोस. तुला काही माहीत नाही, तुला काही देणंघेणं नाही, पुढचे कोण!"

आईनं आतून विचारलं, "कोण वारलं?"

"कुणी नाही, आई, झाकण," बायको म्हणाली.

असं करत करत मळकट डागांच्या प्रकरणापर्यंत भुवईकाकांचा आवाज बराच सुकला. बायको म्हणाली, आता चालेल. पण त्यांना धीर नव्हता. वाक्य दुसऱ्याचं आहे हे जिभेला समजावता येतं. ते छातीला कसं समजवायचं?

दुसऱ्या दिवशी ते सगळ्यांच्या आधी स्टुडिओत पोचले. छापलेले कागद आले. पहिलं पान वाचून त्यांनी खाली ठेवलं, पुन्हा उचललं, चष्मा पुसला, पुन्हा वाचलं. जेवणाची खोली. थोरल्या ताटं मांडत आहेत. फोन वाजतो. धाकटी घेते. परदेशात थोरले काका हृदयविकाराने गेल्याची बातमी.

 भुवई आली, तरी आता परत यायला जागा नव्हती. परदेशातून माणसं येतात, पण मालिकेतला माणूस एकदा वारला, की… तेही कधीकधी येतात, पण त्यासाठी नायक असावं लागतं. म्हणजे आता राहिली ती ही रंगाच्या वासाची खोली. आणि ती राखायची असेल, तर स्वतःच्या मरणाची बातमी स्टेशनवरच्या बाईसारखी द्यायची. भुवईकाकांना क्षणभर हसू आलं. ते डाव्या बाजूनेही आलं, तेवढं बरं झालेलं होतं.

दारावर टकटक झाली. थोरल्या हातात तेच पान घेऊन उभ्या होत्या. "अहो, हे वाचलंत?"

"वाचलं."

"मला काही बोलले नाहीत हो ते. मला वाटलं होतं, तुम्हाला आणतील परत. मी चलाचलांना म्हटलंही, नुसते बसवा ना टेबलाशी, भुवई कोण बघतंय." त्या दारातच थांबल्या. "आणि वाक्य काय लिहिलंय बघा. 'अहो, मला एकटीला टाकून कुठे गेलात!' आणि मग दाराला धरून कोसळायचं. मी आजवर कधी कोसळलेय का? गुडघे तरी आहेत का तसे?"

"मी वाक्य देईन," भुवईकाका म्हणाले. "पण आज साधं देणार. कोरडं. आज माझी परीक्षा आहे."

"ठाऊक आहे. सगळ्या स्टुडिओला ठाऊक आहे," थोरल्या म्हणाल्या. मग जाता जाता वळून, "नीट पाणी प्या आधी," म्हणाल्या.

चित्रीकरण सुरू झालं. भुवईकाकांनी पंखा बंद केला. चलाचलांचा आवाज येण्यासाठी एका कानावर लावलेला हेडफोन, समोर मायक्रोफोन, बोट बटणावर.  त्यांनी दुसऱ्या हातानं ते धरलं.

"थोरल्या, ताटं." थोरल्या ताटं मांडू लागल्या. "फोन. धाकटी, घे." धाकटीनं घेतला. "धाकटी. हॅलो, कोण. काय. कधी." धाकटी बोलली, "हॅलो, कोण? काय? कधी?" आणि ते तिचं होतं, तिच्या वयाचं, घाबरट, थोडं किनरं. तिची भुवई जागच्या जागी होती. भुवईकाकांनी श्वास सोडला. जमतंय.

"धाकटी. वहिनी, दादा गेले."

आपला आवाज आपल्यालाच ऐकू आला. पुढचे कोण, इतका कोरडा. धाकटीनं ते थरथरत म्हटलं.

आता थोरल्यांचं. "थोरल्या. अहो, मला एकटीला टाकून कुठे गेलात. दाराला धरून कोसळणे."

पडद्यावर थोरल्या ताटांची चळत हातात घेऊन उभ्या होत्या. त्या बोलल्या नाहीत.

खोलीत बसणाऱ्याचा पहिला नियम असा, की नट थांबला, तर वाक्य पुन्हा द्यायचं. लगेच. थांबलेला नट म्हणजे विसरलेला नट. भुवईकाकांचं बोट बटणाकडे गेलं. त्याच वेळी कानात चलाचला ओरडले, "काका, वाक्य! विसरल्या त्या. द्या परत, चला चला!"

भुवईकाका पडद्यावरच्या त्या चेहऱ्याकडे बघत राहिले. थोरल्या विसरल्या, की आधी आवंढा गिळायच्या आणि मग उजवीकडे, जिथे कुणी नसतं तिथे, बघायच्या. किती वेळा त्यांनी शेजारी उभं राहून ते पाहिलं होतं आणि कोपराने हळूच ढोसून त्यांना वाचवलं होतं. आत्ता त्यांनी आवंढा गिळला नव्हता. उजवीकडे बघितलं नव्हतं. त्या ताटांकडे बघत होत्या. त्या विसरलेल्या नव्हत्या.

"काका! झोपलात काय? वाक्य द्या!"

घाम मानेवरून शर्टात उतरत होता. वाक्य दिलं, तर थोरल्या ते म्हणतील. सवयीच्या आहेत, म्हणतील आणि कोसळतीलही. नाही दिलं आणि आपली समजूत चुकली, तर ही खोली गेली. कोरडं बोलायला सांगितलं होतं, गप्प बसायला कुणी सांगितलं नव्हतं. भुवईकाकांनी बटणावरचं बोट उचललं आणि हात मांडीखाली घेऊन त्याच्यावर बसले.

पडद्यावर थोरल्यांनी एक ताट वरून काढलं. काकांच्या खुर्चीसमोर ठेवलं. ही खुर्ची रिकामी असली, तरी त्या घरात तिच्यावर कुणी बसत नसे. थोरल्या तिच्यावर बसल्या. उरलेली ताटं मांडीवरच होती. धाकटीला म्हणाल्या, अगदी भाजीत मीठ किती घातलं विचारावं तशा, "स्वेटर नेला नव्हता गं त्यांनी. मी म्हटलं होतं, न्या. म्हणाले, जड होतो."

पुढचं वाक्य धाकटीचं होतं, "वहिनी, सावरा स्वतःला." भुवईकाकांनी तेही दिलं नाही. कानात काहीच येत नाही हे कळून धाकटी खरोखरच घाबरली. तिनं इकडेतिकडे बघितलं, मग येऊन थोरल्यांच्या मांडीवरची ताटं आपल्या हातात घेतली. बोलली काहीच नाही. तिलाही कळेना काय करावं, म्हणून ती ताटं घेऊन तशीच उभी राहिली.

चलाचलांचा आवाज बंद झाला होता. भुवईकाकांना वाटलं, हेडफोन बिघडला. बऱ्याच वेळानं "कट" ऐकू आलं, तेही हळू.

मग पावलं. दार उघडलं. भुवईकाका अजून हातावरच बसलेले होते, बोटांना मुंग्या आल्या होत्या.

"वाक्य का दिलं नाहीत?" चलाचला म्हणाले.

"त्या विसरल्या नव्हत्या."

"हे तुम्हाला काय माहीत?"

"इतकी वर्षं संसार केलाय हो त्यांच्याशी," भुवईकाका म्हणाले. ते कोरडंच निघालं.

चलाचला कानशिलं चोळत उभे राहिले. "आणि चुकला असतात तर?"

"तर तुम्ही दुसरं कुणी बघितलं असतंत."

तेवढ्यात चलाचलांच्या मागून थोरल्या आल्या. कानातला दाणा काढून त्या पदराने पुसत होत्या. "अहो, एक सांगायचं होतं," त्या म्हणाल्या, आणि ते चलाचलांना होतं की भुवईकाकांना, हे क्षणभर कुणालाच कळलं नाही. "आता ह्यापुढे माझी वाक्यं जरा उशिरा देत जा. मी मागेन तेव्हा. विधवा बाईला एवढी घाई नसते."

चलाचलांनी दोघांकडे बघितलं. बोलायला तोंड उघडलं, मिटलं. "परत घ्यायला वेळ नाही," शेवटी म्हणाले. "राहू दे तसंच. काका, पुढच्या आठवड्यात धाकटीच्या माहेरची नवी मंडळी येतायत, चार जण. दाण्याची सवय नाही कुणाला. कसं ऐकायचं, कसं बोलायचं, ते तुम्ही बघा. आणि पंखा तेवढा लावा, वितळाल. चला, चला."

ते गेले. भुवईकाकांनी पंखा लावला. मग त्यांच्या लक्षात आलं, की नव्या मंडळींना शिकवायचं म्हणजे नक्की काय सांगायचं, हे आपल्याला अजिबात माहीत नाही; आणि चौघांच्या चौघे एकदम गांगरले तर? आणि त्यातला एखादा बहिरा निघाला तर? ही काळजी हातात येताच त्यांना जरा हुशारी वाटली. ही पुढच्या आठवड्याची काळजी होती. गेले कित्येक दिवस त्यांना पुढचा आठवडाच नव्हता.

चहाच्या सुट्टीत त्यांनी बायकोला फोन लावला.

"बसा, डॉक्टर येतील एवढ्यात," पलीकडून आवाज आला. मग, "तू होय! काय झालं?"

"मी वारलो," भुवईकाका म्हणाले. "हृदयविकाराने. परदेशात. आणि मला ठेवून घेतलंय."

 मागे कुणाच्या तरी दातात यंत्र घरघरत होतं.

"अरे, हे आनंदाचं सांगतोयस की दुःखाचं?" बायको म्हणाली. "मला काही कळेनाच. नीट सांग बघू एकदा."

भुवईकाकांनी घसा साफ केला. नीट म्हणजे कसं, तेच त्यांना आठवेना. ते तसेच फोन धरून उभे राहिले, आणि बायकोने, पलीकडे लोक ताटकळत असतानाही, घाई केली नाही.